जुन्या गाडीचे ब्रेक पॅड घरी बदलावेत का?





गेल्या महिन्यात एके सकाळी माझी जुनी मारुती ८०० शाळेच्या फाटकातून आत येत होती. नववीतल्या दोन मुलांनी मला थांबवले. "बाई, ब्रेक लावला की तुमच्या पुढच्या चाकातून किरकिर येते. पॅड संपले वाटतात," त्यांतला एक म्हणाला. त्याचे वडील इथल्याच वाघोडिया जी.आय.डी.सी.तील कारखान्यात कामाला आहेत, त्यामुळे त्याचा कान तयार आहे. त्याचे म्हणणे बरोबर निघाले. त्या रविवारी मी घरच्या अंगणात पुढच्या दोन्ही चाकांचे पॅड बदलले. सोमवारी मुलांनी विचारले, "बाई, तुम्ही स्वतः? कसे?" मधल्या सुट्टीत त्याचे उत्तर पुरे होईना, म्हणून ते इथे लिहीत आहे. माझे शिक्षण इंदूरला हिंदी माध्यमातून झाले. तेव्हा भाषेला कुठे हिंदी वळण लागले तर आमच्या मराठीच्या बाई सांभाळून घेतीलच.

मुख्याध्यापिकेने अभ्यास, निकाल सोडून हे काय काढले, असे काही जणांना वाटेल. पण आपल्या बडोद्यात तरी तसे वाटू नये. सयाजीराव महाराजांच्या काळात १८९० साली इथे कलाभवन सुरू झाले, ते हाताच्या कामाला विद्येचा मान देण्यासाठीच. त्रिभुवनदास गज्जर यांनी ते उभे केले. दादासाहेब फाळके चित्रपटाकडे वळण्याच्या कितीतरी आधी याच कलाभवनात शिकले. आज ते महाराजा सयाजीराव विद्यापीठाच्या तंत्रशास्त्र शाखेच्या रूपाने उभे आहे. त्या गावच्या मुलांना पाना आणि जॅक अनोळखी राहू नयेत, एवढीच इच्छा.

ब्रेक काम कसा करतो?

नववी-दहावीच्या मुलांनी पास्कलचा नियम पाठ केलेला असतो. बंदिस्त द्रवावर दिलेला दाब सगळीकडे सारखा पोहोचतो. तुमच्या गाडीत हा नियम रोज वापरला जातो. आपण पायाने पॅडल दाबतो, तेव्हा बॉनेटखालच्या मास्टर सिलिंडरमध्ये ब्रेक ऑइलवर दाब पडतो. तो दाब नळ्यांतून चाकापर्यंत जातो. चाकाशी असलेला पिस्टन मास्टर सिलिंडरच्या पिस्टनपेक्षा मोठा असतो, म्हणून तिथे आपल्या पायाच्या जोराच्या कित्येक पट जोर मिळतो.

पुढच्या चाकाबरोबर एक लोखंडी तबकडी फिरते, तिला डिस्क म्हणतात. डिस्कच्या दोन्ही बाजूंना एकेक पॅड असतो आणि त्यांना धरून ठेवणारा चिमटा म्हणजे कॅलिपर. पिस्टन पॅड ढकलतो, पॅड डिस्कला आवळतात आणि घर्षणाने गाडी थांबते. सायकलचे ब्रेक रबर रिमला घासतात, तसेच हे. मागच्या चाकांना बहुतेक जुन्या गाड्यांत ड्रम ब्रेक असतात. आमच्या लहानपणी मुंबईत कुर्ल्याला बनणाऱ्या प्रीमियर पद्मिनीला तर चारही चाकांना ड्रमच असत.

थांबताना गाडीची गती कुठे जाते? तिची उष्णता होते. माणसांसकट ९०० किलोची गाडी ताशी ६० किलोमीटर वेगाने जात असेल, तर तिच्यात सुमारे १,२५,००० ज्यूल ऊर्जा असते. एवढ्या उष्णतेने एक लिटर पाणी सुमारे ३० अंशांनी तापेल. ही सगळी उष्णता काही सेकंदांत पॅड आणि डिस्क यांना सोसावी लागते. वेग दुप्पट झाला तर ऊर्जा चौपट होते. गणिताच्या वहीत हे करून पाहा आणि मग वडिलांना सावकाश चालवायला सांगा.

पॅड बदलायची वेळ कशी ओळखायची?

पॅड म्हणजे लोखंडी पट्टीवर बसवलेला घर्षणाचा जाड थर. वापरून तो झिजतो. हा थर तीन मिलिमीटरच्या आसपास आला की नवे पॅड घ्यावेत. बऱ्याच पॅडना एक लहान पत्र्याची जीभ असते. थर झिजला की ती डिस्कला घासते आणि किरकिर करते. ही किरकिर म्हणजे सूचना आहे, तिच्यावर रेडिओचा आवाज वाढवणे हा उपाय नव्हे. किरकिरीच्या जागी खरखर ऐकू आली, तर थर संपून लोखंड लोखंडावर घासत आहे असे समजा आणि गाडी उभी करा.

तयारी

जागा सपाट आणि टणक हवी. पाना, जॅक, लोखंडी स्टँड, जुने कापड, तारेचा तुकडा, हातमोजे आणि नवे पॅड जवळ ठेवा. पॅड गाडीचे मॉडेल आणि वर्ष सांगूनच घ्या आणि दोन्ही पुढच्या चाकांचे एकदम बदला. एकाच बाजूचे बदलले तर ब्रेक लावताना गाडी एका बाजूला ओढते.

गाडी पहिल्या गियरमध्ये टाका, हँडब्रेक ओढा आणि मागच्या चाकांच्या मागे-पुढे लाकडी ठोकळे किंवा मोठे दगड लावा. चाकाचे नट गाडी जमिनीवर असतानाच अर्धा फेरा सैल करा. मग गाडीच्या पुस्तकात दाखवलेल्या जागीच जॅक लावून ती उचला आणि लगेच खाली स्टँड लावा. जॅक फक्त उचलण्यासाठी आहे, धरून ठेवण्यासाठी नाही. आपल्याकडे स्टँडऐवजी विटा रचतात, ते कधीही करू नका. वीट न सांगता फुटते. चाक काढले की ते गाडीच्या कडेखाली आडवे सरकवून ठेवा, म्हणजे आणखी एक आधार राहतो. गाडीखाली शरीराचा कुठलाही भाग घालायचा नाही.

प्रत्यक्ष काम

एका वेळी एकच चाक उघडा. दुसरे चाक जसेच्या तसे राहिले, तर कुठला भाग कसा बसतो हे विसरल्यावर तिकडे पाहता येते. काढण्याआधी मोबाइलवर फोटो काढला तरी चालेल.

कॅलिपरच्या मागच्या बाजूला साधारण दोन बोल्ट असतात. एक काढला की बऱ्याच गाड्यांत कॅलिपर दारासारखा वर उघडतो. काही गाड्यांत दोन्ही काढावे लागतात. पूर्ण सुटलेला कॅलिपर रबरी नळीवर लोंबकळत सोडू नका, तारेने वर बांधून ठेवा. नळीला आतून चीर गेली तर ती बाहेरून दिसत नाही.

आतली काळी धूळ तोंडाने फुंकू नका आणि हवेच्या पाइपने उडवूही नका. पूर्वीच्या पॅडमध्ये अ‍ॅस्बेस्टॉस असे, आणि ते नसले तरी ही धूळ फुप्फुसांना चांगली नाही. ओल्या कापडाने पुसून घ्या.

जुने पॅड काढून नव्यांशी ताडून पाहा. आकार, भोके, पत्र्याची जीभ, सगळे जुळले पाहिजे. नवे पॅड जाड असल्यामुळे बाहेर आलेला पिस्टन आता मागे ढकलावा लागतो. त्याआधी बॉनेट उघडून ब्रेक ऑइलची बाटली पाहा. पिस्टन मागे जाताना तेल वर चढते. बाटली काठोकाठ असेल तर तेल सांडेल आणि रंग खाईल. थोडे काढून ठेवा. जुना पॅड पिस्टनवर ठेवून क्लॅम्पने सावकाश दाबा, स्क्रू-ड्रायव्हरने टोचू नका. कॅलिपर उघडा असताना घरातले कोणीही पॅडल दाबणार नाही, हे आधीच सांगून ठेवा. नाहीतर पिस्टन बाहेर निसटतो.

कॅलिपर ज्या दांड्यांवर सरकतो, त्या पुसून त्यांना ब्रेकसाठीचे खास ग्रीस लावा. पॅडच्या घर्षणाच्या बाजूला किंवा डिस्कला ग्रीसचा थेंबही लागता कामा नये. घर्षणाची बाजू डिस्ककडे आहे ना, हे पुन्हा बघा. हसू नका, उलटे बसवणारे लोक आहेत. मग कॅलिपर, बोल्ट, चाक. नट समोरासमोरचे असे आळीपाळीने आवळा आणि गाडी खाली उतरवल्यावर पुन्हा घट्ट करा.

शेवटचे एक मिनिट

आता माझी चूक सांगते. पहिल्यांदा मी पॅड बदलले, तेव्हा वरचे सगळे नीट केले होते. हात धुतले, चहा घेतला आणि गाडी सुरू केली. आमच्या अंगणाला फाटकाकडे उतार आहे. गाडी उतरू लागली, मी ब्रेक दाबला आणि पाय थेट तळाला गेला. काहीच लागले नाही. कसाबसा हँडब्रेक ओढला. गाडी फाटकाला टेकून थांबली. फाटकाबाहेर शेजारची मुले क्रिकेट खेळत होती.

काय चुकले होते? पिस्टन मागे ढकलल्यावर तो आणि पॅड यांच्यात फट राहते. गाडी हलवण्याआधी पॅडल हळूहळू अनेकदा दाबून ती फट भरावी लागते. पॅडल टणक लागेपर्यंत दाबत राहायचे, मग तेलाची पातळी पाहायची. या कामाला एक मिनिट लागते. मी ते विसरले, कारण काम झाले असे मी आधीच ठरवून टाकले होते. त्या दिवसापासून मी हे वाक्य कागदावर लिहून स्टिअरिंगला चिकटवते आणि मगच जॅकला हात लावते.

पॅडल टणक झाल्यावर रिकाम्या रस्त्यावर आधी चालण्याच्या वेगाने ब्रेक तपासा. मग वेग थोडा वाढवून हलक्या दाबाने आठ-दहा वेळा गाडी मंद करा, मध्ये थंड होऊ द्या. नवे पॅड डिस्कवर बसायला थोडे अंतर जावे लागते. तोवर पुढच्या गाडीपासून जास्त लांब राहा. दुसऱ्या दिवशी नट पुन्हा तपासा.

कुठे थांबायचे?

घरी काय करायचे नाही, हे कळणे म्हणजे निम्मी विद्या. डिस्कवर खोल चरे असतील किंवा ती तिच्यावर कोरलेल्या किमान जाडीपेक्षा पातळ झाली असेल, पिस्टन मागे सरकत नसेल, कुठे तेल गळत असेल, अनेकदा दाबूनही पॅडल स्पंजासारखे मऊ राहत असेल, तर गाडी चालवू नका. मिस्त्रीला घरी बोलवा. मागच्या ड्रमचे काम स्प्रिंगांमुळे किचकट असते, ते मीसुद्धा मिस्त्रीकडूनच करून घेते.

ब्रेक ऑइलचेही तसेच. ते हवेतला ओलावा शोषते. डॉट ३ प्रकारचे नवे तेल किमान २०५ अंश सेल्सियसपर्यंत उकळत नाही, पण ओलावा शिरल्यावर ही मर्यादा १४० अंशांपर्यंत खाली येऊ शकते. पावागडाला माचीहून उतरताना पाय सतत ब्रेकवर ठेवला, तर ब्रेक इतके तापतात की जुन्या तेलाची वाफ होऊ शकते, आणि वाफेवर दाब चालत नाही. म्हणून घाटात खालच्या गियरमध्ये उतरा आणि साधारण दोन वर्षांनी तेल बदलून घ्या.

एक विनंती

विद्यार्थ्यांनो, हे काम एकट्याने करायचे नाही. घरातले मोठे माणूस करत असेल तेव्हा पाने द्या, पाहा, प्रश्न विचारा आणि "पॅडल पंप केले का?" हे विचारायची जबाबदारी तुमची. पालकहो, मूल ज्या रिक्षातून किंवा व्हॅनमधून येते, तिच्या चालकाला ब्रेक शेवटचे कधी तपासले हे एकदा प्रेमाने विचारा. त्यात त्याचा अपमान नाही. विश्वस्तांना माझी विनंती आहे की शाळेत मुले आणणाऱ्या प्रत्येक वाहनाच्या ब्रेक तपासणीची एक साधी वही कार्यालयात ठेवावी. तारीख, काय पाहिले, कोणी पाहिले, सही. खर्च एका वहीचा आहे.

खंडेनवमीला आपण अवजारांची पूजा करतो आणि दसऱ्याला गाडीला झेंडूचा हार घालतो. या वर्षी हार घालायच्या आदल्या दिवशी चाकाच्या आत पॅड किती उरले आहेत तेही पाहून घ्यावे.

आणि ज्या मुलाने माझ्या गाडीची किरकिर ओळखली, त्याचे या पानावरून मनापासून आभार. मोठ्यांची चूक दिसली तर अशीच नम्रपणे सांगत जा.

आपली,
मुख्याध्यापिका