सुपरमॅनचा सूर्य ‘राव’ आकाशात नेमका कुठे आहे? मोबाईलवर असा शोधा

सुपरमॅनचा जन्म क्रिप्टॉन ग्रहावर झाला, हे तुम्हाला माहीत असेलच. पण तो ग्रह ज्या ताऱ्याभोवती फिरायचा, त्याचं नाव काय? राव! आपल्या ‘काय राव!’शी त्याचा काही संबंध नाही. कॉमिक्समध्ये क्रिप्टॉनचे लोक आपल्या सूर्यालाच देव मानतात, त्या देवाचं हे नाव.

मागच्या आठवड्यात एका मित्राने मला एक जाहिरात पाठवली. पैसे भरा, आकाशातल्या ताऱ्याला आवडत्या व्यक्तीचं नाव द्या, सोबत सर्टिफिकेट मिळवा. ‘वाढदिवसाला गिफ्ट देऊ का?’ असं त्याने विचारलं. मी त्याला या राव ताऱ्याची गोष्ट सांगितली. तीच आज तुम्हाला सांगतो.

काल्पनिक ताऱ्याला खरा पत्ता कसा मिळाला?

सुपरमॅन पहिल्यांदा छापून आला १९३८ साली. लाल सूर्याखाली तो साधा माणूस आणि आपल्या पिवळ्या सूर्याच्या प्रकाशात महाशक्तिमान, हे कारण पुढच्या काळातल्या कथांमध्ये आलं. म्हणजे राव तारा लाल असणं कथेसाठी गरजेचं होतं. पण तो आकाशात नक्की कुठे, हे ठरलेलं नव्हतं.

२०१२ मध्ये डीसी कॉमिक्सने न्यूयॉर्कच्या हेडन तारांगणाचे संचालक, खगोलशास्त्रज्ञ नील डीग्रास टायसन यांची मदत घेतली. कथेत बसेल असा खरा तारा हवा होता. त्यांनी निवडला एलएचएस २५२०. हा एक लाल खुजा तारा आहे, म्हणजे सूर्यापेक्षा लहान, थंड आणि खूपच मंद. कथेसाठी तेव्हा धरलेलं पृथ्वीपासूनचं अंतर सुमारे २७ प्रकाशवर्षं.

२७ हाच आकडा का?

गंमत इथेच आहे. प्रकाशवर्ष हे अंतराचं माप आहे, वेळेचं नाही. प्रकाश एका वर्षात जेवढं अंतर कापतो, ते एक प्रकाशवर्ष. तारा २७ प्रकाशवर्षं दूर असेल, तर आज दिसणारा त्याचा प्रकाश २७ वर्षांपूर्वी निघालेला असतो. थोडक्यात, आकाश कधीच ‘लाइव्ह’ नसतं. सूर्यसुद्धा आपल्याला सुमारे सव्वाआठ मिनिटं जुना दिसतो.

आता कथा बघा. क्रिप्टॉनचा स्फोट झाला तेव्हा सुपरमॅन तान्हं बाळ होता. त्याचं यान प्रकाशापेक्षा वेगाने पृथ्वीवर आलं. (प्रत्यक्षात असं यान शक्य नाही, ही कल्पनाच!) स्फोटाचा प्रकाश मात्र आपल्या वेगाने येत राहिला आणि पोहोचला तेव्हा सुपरमॅन २७ वर्षांचा झाला होता. कॉमिकमध्ये तो तारांगणात येऊन आपल्या ग्रहाचा शेवट बघतो. जे घर कधीच संपलंय, ते त्याच्या डोळ्यांसमोर आत्ता संपतं. अंतराचा आकडा बरोबर निवडला म्हणूनच हा प्रसंग जमतो.

मोबाईलवर असा शोधा

१. स्टेलॅरियमसारखं आकाशदर्शन ॲप उघडा आणि लोकेशन चालू करा.

२. सर्चमध्ये ‘कॉर्व्हस’ शोधा. हेच आपलं हस्त नक्षत्र. मी आधी ‘राव’ टाकून बघितलं होतं, काही सापडलं नाही.

३. महाराष्ट्रातून मे महिन्यात रात्री नऊच्या सुमारास ते दक्षिणेला बऱ्यापैकी उंचावर दिसतं. जवळच चित्रा हा ठळक तारा आहे.

४. हस्ताच्या चार ठळक ताऱ्यांचा चौकोन ओळखा. त्याच्या वरच्या उजव्या कोपऱ्यातल्या ताऱ्यापासून साधारण तीन अंश वर, किंचित उजवीकडे जा. हात लांब करून दोन बोटं आडवी धरली की एवढं अंतर होतं.

तिथे नुसत्या डोळ्यांना काहीच दिसणार नाही. एलएचएस २५२० इतका मंद आहे की त्यासाठी चांगली दुर्बीण लागते. हस्ताच्या पावसात, म्हणजे सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबरच्या सुरुवातीला, शोधू नका. तेव्हा सूर्यच त्या भागात असतो.

मग तो तारा आता ‘राव’ झाला का?

नाही! सुपरमॅनसारखा जगप्रसिद्ध हिरो आणि टायसन यांच्यासारखा शास्त्रज्ञ असूनही ताऱ्याचं नाव बदललं नाही. ‘राव’ हे फक्त कॉमिकमधलं नाव. अधिकृत नावं आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्रीय संघ ठरवतो आणि तो नावं विकत नाही. २०१९ मध्ये या संघाच्या उपक्रमातून भारताने सुचवलेलं ‘बिभा’ हे नाव एका ताऱ्याला मिळालं. भौतिकशास्त्रज्ञ बिभा चौधरी यांच्यावरून ते ठेवलंय. त्यासाठी कुणालाही पैसे भरावे लागले नाहीत.

त्यामुळे जाहिरातीतलं सर्टिफिकेट भिंतीवर छान दिसेल, पण कुठलाही खगोलशास्त्रज्ञ ते नाव वापरणार नाही. मित्राला मी दुसरं गिफ्ट सुचवलं. ज्याचा वाढदिवस आहे त्याच्या वयाइतकी प्रकाशवर्षं दूर असलेला एक ठळक तारा शोध आणि त्याला गच्चीवर नेऊन दाखव. त्या ताऱ्याचा आज दिसणारा प्रकाश साधारण तो जन्मला तेव्हाच निघालेला असेल. ॲपमध्ये ताऱ्यावर टॅप केलं की अंतर दिसतं. खर्च शून्य, आणि यातलं सगळं खरं आहे.