इन्ले सरोवर : पाण्यावरील वस्ती आणि पाच बुद्धमूर्ती

ब्रह्मदेश हा आपणांस परका देश नाही. बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकर इ. स. १९५४ मध्ये रंगून येथे भरलेल्या जागतिक बौद्ध परिषदेस उपस्थित होते. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूर येथे त्यांना दीक्षा देणारे भदन्त चंद्रमणी महास्थविर हे मूळचे ब्रह्मदेशातील आराकानचे होत. असे असूनही त्या देशाविषयीचे आपले ज्ञान श्वेडगॉन चैत्य आणि सहावी संगीती यांच्यापलीकडे सहसा जात नाही. तेथील सामान्य बौद्ध कुटुंब कसे राहते, काय पिकवते, कोणत्या रूढी पाळते, याचा विचार आपण क्वचितच करतो. इ. स. २०१९ च्या जानेवारीत आम्ही विहारातील सात जण शान प्रांतातील इन्ले सरोवरावर नावेने फिरलो. तेथे जे पाहिले आणि त्यानंतर जे वाचले, त्यांच्या आधारे हा लेख लिहीत आहोत.

इन्ले सरोवर समुद्रसपाटीपासून सुमारे २,९०० फूट उंचीवर, दोन डोंगररांगांच्या मध्ये उत्तर-दक्षिण पसरलेले आहे. उन्हाळ्यात त्याची खोली सरासरी सात फूट असते, पावसाळ्यात ती आणखी चार-पाच फुटांनी वाढते. म्हणजे हे सरोवर विस्तीर्ण असले तरी उथळ आहे, आणि तेथील सारे जीवन या उथळपणावरच उभे आहे. प्रवासी कंपन्यांच्या पत्रकांत ‘तरंगते गाव’ असा शब्द सर्रास छापलेला असतो. तो चुकीचा आहे. गाव तरंगत नाही. घरे सरोवराच्या तळात रोवलेल्या बांबूच्या व सागवानाच्या खांबांवर उभी असतात. बांबूचे खांब थोड्या वर्षांत कुजतात व बदलावे लागतात, सागवान बराच काळ टिकते. ज्याच्या घराखाली सागवान, तो खाऊनपिऊन सुखी, असा ढोबळ हिशेब आमच्या मार्गदर्शकाने सांगितला. खरोखर तरंगते ते शेत.

या शेतांविषयी थोडे विस्ताराने सांगणे अवश्य आहे. सरोवराच्या काठी जलपर्णी, गवत व इतर पाणवनस्पतींची मुळे एकमेकांत गुंतून जाड थर तयार होतात व ते पाण्यावर तरंगत राहतात. लोक या थरांच्या लांबच लांब पट्ट्या कापतात, नावेला बांधून इच्छित जागी ओढून नेतात आणि लांब बांबू त्यांतून आरपार घालून तळात ठोकतात. पाणी चढले की वाफा बांबूला धरून वर येतो, उतरले की खाली जातो. पुरात पीक बुडत नाही आणि दुष्काळात पाण्यासाठी कोठे जावे लागत नाही. वाफ्यावर तळातील गाळ व शेवाळ पसरून टोमॅटो लावतात. दोन वाफ्यांच्या मधून नाव जाईल एवढी वाट असते. पती नाव धरून ठेवतो आणि पत्नी नावेत बसूनच फळे तोडते, हे दृश्य आम्ही अनेकदा पाहिले. येथील टोमॅटो ब्रह्मदेशाच्या दूरदूरच्या बाजारांत जातो. असा वाफा विकताही येतो. विकत घेणारा तो नावेमागे बांधून आपल्या दारी घेऊन जातो. शेत विकले आणि शेतच निघून गेले, हे ऐकून आमच्यातील एक शेतकरी उपासक बराच वेळ हसत होते.

तथापि या कौशल्याची दुसरी बाजूही आहे. वाफे वाढत गेले तसे मोकळे पाणी आक्रसत गेले. संशोधकांनी जुने नकाशे आणि हवाई छायाचित्रे पडताळून काढलेल्या निष्कर्षानुसार इ. स. १९३५ ते २००० या काळात सरोवराचे मोकळे पाणी सुमारे ६९ चौरस किलोमीटरवरून ४७ चौरस किलोमीटरच्या आत आले. जुना वाफा जड होऊन खाली बसतो व कालांतराने तेथे जमीनच होते. भोवतालच्या डोंगरांवरील झाडे तुटल्यामुळे गाळ येतो. रासायनिक खते व कीटकनाशके थेट पाण्यात उतरतात, आणि त्याच पाण्यात माणसे आंघोळ करतात. इ. स. २०१५ मध्ये युनेस्कोने या परिसरास जीवावरण राखीव क्षेत्र म्हणून मान्यता दिली. तसा मान मिळालेले हे ब्रह्मदेशातील पहिलेच क्षेत्र होय. मान्यतेने गाळ थांबत नाही, हे वेगळे सांगावयास नको.

सरोवरावर राहणाऱ्या लोकांना ‘इन्था’ म्हणतात. या शब्दाचा अर्थ सरोवराचे पुत्र असा होतो. त्यांची बोली बर्मी भाषेचीच एक शाखा असून ती दक्षिणेकडील दावेई प्रांताच्या बोलीशी मिळतीजुळती आहे. त्यांचे पूर्वज तिकडून आले, अशी परंपरा आहे. नाव वल्हवण्याची त्यांची रीत जगप्रसिद्ध आहे. पुरुष नावेच्या टोकावर एका पायावर उभा राहतो, दुसरा पाय वल्ह्याभोवती गुंडाळतो आणि त्या पायाने पाणी मागे लोटतो. दाट पाणवनस्पतींमधून वाट शोधावयाची तर उभे राहूनच पाहावे लागते आणि जाळे टाकावयाचे तर हात मोकळे हवेत, या गरजेतून ही रीत आली. स्त्रिया मात्र बसून हातानेच वल्हवतात.

प्रवाशांची नाव न्याउंगश्वे गावच्या धक्क्यावरून पहाटे सुटते. ती लांब व अरुंद असून तिच्यात एकामागे एक अशा चार-पाच खुर्च्या ठेवलेल्या असतात. आम्हांस दोन नावा कराव्या लागल्या. डिझेल इंजिनाचा आवाज इतका की पुढच्याचे बोलणे मागच्यास ऐकू येत नाही. जानेवारीत तेथे कडाक्याची थंडी असते, याची कल्पना नसल्यामुळे आम्ही सर्व जण कुडकुडत होतो. कालव्यातून सरोवरात शिरताच शंकूच्या आकाराचे मोठे जाळे पायाने उचलून धरलेले कोळी दिसले. कॅमेरे बाहेर निघाले. छायाचित्रे काढून झाल्यावर त्यांतील एक जण नाव जवळ आणून हात पुढे करू लागला, तेव्हा समजले की हे मासे धरणारे नव्हेत. खरे कोळी पुढे भेटले. ते साध्या नायलॉनच्या जाळ्याने मासे धरीत होते आणि आमच्याकडे पाहतही नव्हते.

नावेची फेरी ठरलेल्या ठिकाणी थांबे घेते : चांदीकाम, चिरुट वळण्याची जागा, विणकरांचे घर. प्रत्येक ठिकाणी दुकान असतेच. यांतील कमळतंतूचे काम मात्र मुद्दाम पाहावे असे आहे. कमळाचे देठ मोडून हळूच ओढले की आतून कोळिष्टकासारखे बारीक तंतू निघतात. ते ओल्या फळीवर हाताने वळून त्यांचा धागा करतात आणि वाळून तुटू नये म्हणून त्यास ओलावा देत राहतात. एका वस्त्रासाठी हजारो देठ लागतात. या वस्त्राचे चीवर भिक्खूंना व बुद्धमूर्तीला अर्पण करण्याची तेथे प्रथा आहे.

त्याच फेरीत आम्हांस आणखी एका घरी नेण्यात आले. तेथे गळ्यात पितळी वेटोळी घातलेल्या कायान जमातीच्या दोन स्त्रिया माग चालवीत बसल्या होत्या. या जमातीची मूळ वस्ती दक्षिणेस कायाह प्रांताकडे आहे. या स्त्रियांना येथे प्रवाशांसाठी आणून बसविलेले असते. लोक आत येत, छायाचित्र काढीत व निघून जात. माणूस पाहण्याची वस्तू झाला म्हणजे काय होते, ते आम्हांस कोणी शिकविण्याची आवश्यकता नव्हती. आम्ही छायाचित्रे काढली नाहीत. एका भगिनीने विणलेला पंचा योग्य किंमत देऊन घेतला. याने त्या दोघींच्या परिस्थितीत काही फरक पडला असेल, असा आमचा दावा नाही.

फेरीचे मुख्य ठिकाण म्हणजे फाउंग डॉ ऊ विहार. येथे पाच लहान बुद्धमूर्ती आहेत. बाराव्या शतकातील पगानचा राजा अलाउंगसिथू याच्याशी परंपरा त्यांचा संबंध जोडते. भाविकांनी पिढ्यान्‌पिढ्या सोन्याचा वर्ख लावल्यामुळे मूर्तींचे नाक, डोळे, हात काहीच उरलेले नाही. पाच सोनेरी गोळे तेवढे दिसतात. दरवर्षी सप्टेंबर-ऑक्टोबरच्या सुमारास यांतील चार मूर्ती पक्ष्याच्या आकाराच्या सोनेरी नौकेतून गावोगाव नेल्या जातात आणि पाचवी विहारातच राहते. इ. स. १९६५ मध्ये ही नौका उलटली व मूर्ती पाण्यात पडल्या. चार सापडल्या, आणि पाचवी आपोआप विहारात परत आलेली आढळली, असे लोक सांगतात. चमत्कारांच्या कथांवर विश्वास ठेवण्याचे आपणांस कारण नाही. परंतु वर्षातून एकदा विहार स्वतः नावेत बसून लोकांच्या दारी जातो, ही कल्पना आम्हांस चमत्काराहून मोलाची वाटली.

आमच्यासमवेत एक ज्येष्ठ उपासिका होत्या. आम्ही सर्व जण त्यांना माई म्हणतो. दिवंगत पतीच्या स्मरणार्थ वर्ख लावावयाचा, असा त्यांचा संकल्प होता. विहारातच त्यांनी वर्खाची पुडी विकत घेतली व त्या चौथऱ्याच्या पायरीपाशी गेल्या. तेथे स्त्रियांना वर जाण्यास मनाई असल्याची पाटी होती. मार्गदर्शक तरुण अत्यंत नम्रपणे म्हणाला, “अमे, आपण येथूनच वंदन करा. वर्ख मी लावून येतो.” बर्मी भाषेत अमे म्हणजे आई. माईंनी कारण विचारले. पुरुषाच्या ठायी जन्मतः एक तेज असते व स्त्रीमुळे ते उणावते, अशी तेथील लोकसमजूत आहे. त्या तरुणाने ती सांगितली, पण सांगताना तो संकोचला. त्याची आईही दरवर्षी आपला वर्ख त्याच्याच हाती देते, असे तो म्हणाला. माईंनी पुडी परत पिशवीत ठेवली आणि त्या खाली बसून राहिल्या.

आमच्यापैकी दोघे पुरुष तोपर्यंत चौथऱ्यावर जाऊन वर्ख लावून आले होते, हेही येथे नमूद केले पाहिजे. पाटी आम्ही वाचली नव्हती, असे म्हणता येईल. परंतु वर गेलेले सारे पुरुषच आहेत, हे पाहण्यासाठी पाटीची गरज नव्हती. परतीच्या नावेत इंजिनाचा आवाज होता म्हणून बरे, अन्यथा कोणी काय बोलावे हा प्रश्नच होता.

मुक्कामी आल्यावर चर्चा झाली. पाहुण्याने यजमानाच्या रूढीस नावे ठेवू नयेत, असे एक मत पडले. दुसरे मत असे की ही रूढी धम्माची नव्हे. तथागतांनी महाप्रजापती गौतमीस संघात प्रवेश दिला आणि थेरींची वचने तिपिटकात जतन झाली. बुद्ध हा स्त्रियांच्या अवनतीस कारण झाला, हा आरोप बाबासाहेबांनी ‘महाबोधी’ मासिकातील आपल्या प्रसिद्ध लेखात सप्रमाण खोडून काढला आहे. मग बुद्धमूर्तीच्या चार पायऱ्या स्त्रीला वर्ज्य कशा? ब्रह्मदेशात स्त्री बाजार चालविते, मालमत्तेची वारस होते, आपल्याकडील स्त्रीपेक्षा कितीतरी मोकळेपणाने वावरते, हे सर्व खरे आहे. त्या देशात जातिसंस्था नाही, हेही स्थूलमानाने खरे. तथापि राजांनी चैत्यांना अर्पण केलेल्या दासांचे वंशज तेथे पिढ्यान्‌पिढ्या हीन मानले गेले आणि लोक त्यांच्याशी विवाहसंबंध टाळीत, ही नोंदही त्याच देशाच्या इतिहासात आहे. बौद्ध देश म्हटला की तेथील प्रत्येक गोष्ट बुद्धाची, असे गृहीत धरून आपण वाचतो व प्रवास करतो. आमचे मत दुसऱ्या पक्षाचे आहे. माई मात्र एवढेच म्हणाल्या की, त्या मुलावर कोणी रागावू नका, त्याने मला आई म्हटले आहे.

त्यानंतर त्या देशावर जे कोसळले, ते वाचकांस ठाऊक आहे. फेब्रुवारी २०२१ मध्ये लष्कराने सत्ता घेतली. यादवी पसरली, प्रवासी येईनासे झाले आणि धक्क्यावरील नावा बांधून राहिल्या. सप्टेंबर २०२४ मध्ये यागी वादळाच्या पावसाने सरोवराला पूर आला. २८ मार्च २०२५ रोजी सागाइंगजवळ ७.७ क्षमतेचा भूकंप झाला. देशभर तीन हजारांहून अधिक लोक मृत्युमुखी पडले. इन्लेवरील वस्त्यांची फार मोठी हानी झाली. खांब कलले आणि घरे, विहार सरळ पाण्यात कोसळले. जमिनीवर घर पडले तर ढिगारा तरी उरतो, येथे पुष्कळसे पाण्याखालीच गेले.

त्या तरुणाचा पत्ता आम्हांजवळ होता. बऱ्याच दिवसांनी त्याचा निरोप आला. घर गेले होते, माणसे वाचली होती. वाफे शाबूत असून टोमॅटोची लागवड पुन्हा सुरू केल्याचे त्याने कळविले, आणि अमे कशा आहेत, असे विचारले. विहारात जमलेल्या मदतीत माईंनी आपल्या निवृत्तिवेतनातून सर्वांआधी रक्कम दिली. वर्खाची पुडी मात्र त्यांच्या कपाटात तशीच आहे.