पाण्यात उतरलेली चव

गणेशपुरीच्या कुंडांतील पाणी कढत असते, पण उकळत नाही. जपानी सूपाचा पाया असलेल्या ‘दाशी’लाही अशीच बेताची ऊब लागते. १ लिटर पाण्यात १० ग्रॅम कोम्बू, म्हणजे वाळविलेले समुद्रशेवाळ, अर्धा तास भिजवावे. मंद आचेवर तापवून उकळी फुटण्यापूर्वी ते काढावे, नाहीतर पाणी बुळबुळीत होते. मग उकळी आणून भांडे उतरवावे, वाळविलेल्या बोनिटो माशाचा २० ग्रॅम कीस घालावा व दोन मिनिटांनी गाळावे. कोम्बूच्या चवीचे मूळ ग्लूटामेट आहे, हे किकुनाए इकेदा यांनी १९०८ साली शोधले. आपल्याकडेही पुरणाच्या डाळीचा कट कोणी टाकीत नाही. त्याची आमटी होते. तेव्हा इतर डाळी-भाज्यांचे पाणीही मोरीत ओतण्यापूर्वी एकदा चाखून पाहावे.