चिमूटभर मीठ, मूठभर गूळ

अर्थशास्त्राच्या अध्यापकाने जुलाबावर बोलावे याचे कुणाला नवल वाटेल. पण "आजाराचा खर्च म्हणजे काय?" असे मी वर्गात विचारतो, तेव्हा शहरातली मुले म्हणतात, डॉक्टरांचे बिल. खेड्यातून आलेला एक विद्यार्थी एकदा म्हणाला, "सर, बिल नंतरचं. आधी एसटीचं भाडं आणि बापाचा बुडालेला रोज." त्याने जे सांगितले ते पुस्तकात फार मागच्या पानावर असते. गरीब देशातल्या आरोग्याचा हिशेब मात्र तिथूनच सुरू होतो.

लहान मुलाला जुलाब लागले की शरीरातले पाणी आणि क्षार भराभर निघून जातात. मूल दगावते ते बहुधा या शोषामुळे. पूर्वी यावर खात्रीचा उपाय एकच मानत : शिरेतून सलाइन. त्याला निर्जंतुक बाटली हवी, सुई हवी, शिकलेला हात हवा, खाट हवी. म्हणजे औषध होते, पण ते घरापासून वीस कोसांवर.

१९६८ साली ढाक्यातल्या कॉलऱ्याच्या प्रयोगशाळेत संशोधकांनी दाखवून दिले, की पाण्यात मीठ व साखर ठरावीक प्रमाणात असेल, तर आजारी आतडेही ते शोषून घेते. साखर आत जाताना मिठाला बरोबर नेते आणि मिठामागून पाणी जाते. खरी कसोटी लागली १९७१ मध्ये. बांगलादेशच्या युद्धातले निर्वासित पश्चिम बंगालमध्ये लोटले. बनगावच्या छावणीत कॉलरा पसरला आणि सलाइन संपत आले. तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ, खाण्याचा सोडा आणि ग्लुकोज यांचे पाणी पिंपांत भरून ठेवले आणि नातेवाइकांनाच ते रोग्याला पाजायला सांगितले. मृत्यूचे प्रमाण सुमारे ३० टक्के होते, ते चार टक्क्यांच्या खाली आले. नर्स कोण? तर रोग्याची आई, बहीण, भाऊ!

पण शोध लागला म्हणजे तो घरोघर पोचला असे नव्हे. इथे खरा अर्थशास्त्राचा प्रश्न येतो. १९८० मध्ये बांगलादेशातल्या 'ब्रॅक' या संस्थेने ठरवले, की पुड्या वाटत बसण्यापेक्षा प्रत्येक आईला कृतीच शिकवायची. तीन बोटांची चिमूटभर मीठ, मूठभर गूळ आणि अर्धा शेर पाणी. गावातल्या बायका अर्ध्या शेराचे माप कुठून आणणार? म्हणून शिकवणारी बाई घरातल्याच भांड्यावर खूण करून देई. मग आईने स्वतः पाणी करून दाखवायचे.

पगाराची रीत तर त्याहून नामी. शिकवणाऱ्या बाईला किती घरे फिरली यावर पैसे नव्हते. काही आठवड्यांनी दुसराच माणूस येऊन त्यांतल्या काही आयांना विचारी, काय आठवते? जेवढे आयांना आठवेल, तेवढा शिकवणारीचा मेहनताना. गुरुजनहो, आपला पगार विद्यार्थ्याच्या स्मरणावर ठरला तर आपण कसे शिकवू, याचा जरा विचार करा!

तरीही सुरुवातीला आया सगळे पाठ म्हणून दाखवीत, पण मूल आजारी पडले की पाणी करीत नसत. शोध घेतला तेव्हा कळले, की काही शिकवणाऱ्या बायकांचाच त्यावर विश्वास नव्हता. घरातल्या पुरुषांना तर कुणी काही सांगितलेच नव्हते. मग त्या बायकांना पाण्याचा गुण प्रत्यक्ष दाखवला, पुरुषांच्या बैठका घेतल्या. १९९० पर्यंत एक कोटीहून अधिक घरांत हा धडा पोचला. आज जुलाबात क्षारपाणी देण्यात बांगलादेश जगातल्या आघाडीच्या देशांत गणला जातो.

यावरून सगळे घरीच भागेल, दवाखाना नको, असा अर्थ कुणी काढू नये. आपल्या देशात आरोग्याच्या खर्चाचा मोठा भाग अजूनही घरच्या खिशातूनच जातो. शुद्ध पाणी, प्राथमिक आरोग्य केंद्रातला डॉक्टर आणि औषधसाठा ही सरकारचीच जबाबदारी आहे. चिमूटभर मिठाने ती फिटत नाही. पण जे ज्ञान एकदा दिले की वाटून कमी होत नाही, त्यावर खर्चलेला पैसा सर्वांत जास्त फळ देतो, एवढे खरे.

आता कामाचे सांगतो. आरोग्य केंद्रातली पुडी मिळाली तर उत्तम. तिच्यावर लिहिले असेल तेवढ्याच पाण्यात ती विरघळवावी. नसेल तर एक लिटर उकळून गार केलेले पाणी, चहाचे सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ. मीठ जास्त पडू देऊ नका, ते घातक ठरते. पाणी घोटघोट पाजावे, अंगावरचे दूध आणि जेवण चालू ठेवावे. जस्ताच्या गोळ्या आरोग्यसेविकेला विचारून द्याव्यात. मूल मलूल पडले, त्याला पाणी पिववेना, डोळे खोल गेले किंवा शौचातून रक्त पडले, तर मात्र घटकाभरही न थांबता दवाखाना गाठावा.

शिक्षक बंधुभगिनींनो, पावसाळ्याच्या तोंडाशी एक तास यासाठी काढा. फळ्यावर लिहून थांबू नका, मुलांच्या हातून पाणी करवून घ्या. आणि पंधरा दिवसांनी पुन्हा विचारा, काय आठवते? धडा पोचला की नाही, ते त्या दिवशी कळेल.