दऱ्या आणि दर्या : सामाईक लायब्ररी-फाइल व मराठी अक्षररचना

बोरघाटाच्या पायथ्याशी, कर्जत–खोपोली लोहमार्गावर, पळसदरी हे स्थानक आहे. या नावाच्या उत्तरपदाचे अनेकवचन केले असता ‘दऱ्या’ हे रूप मिळते. त्यातील रकार रफार म्हणून माथ्यावर चढविला, तर ‘दर्या’ म्हणजे समुद्र, असा निराळाच शब्द होतो. आचारी व आचार्य यांच्या ‘आचाऱ्यांना’ आणि ‘आचार्यांना’ या रूपांतही हाच भेद आहे. लेखणीला हा भेद सहज साधतो. संगणकाला तो कसा साधतो आणि कोठे निसटतो, हे पाहणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू होय.

संगणकातील मजकूर आकृतींच्या रूपाने साठविलेला नसतो. तो संकेतांकांच्या ओळीच्या रूपाने असतो. भारतीय मानक संस्थेने १९९१ मध्ये ‘इस्की’ ही संकेतावली मानक म्हणून स्वीकारली. त्याच वर्षी प्रसिद्ध झालेल्या युनिकोडमधील देवनागरी विभागाची मांडणी इस्कीच्या १९८८ च्या आवृत्तीवर आधारलेली आहे. दोन्हींचे तत्त्व एकच : उच्चारक्रमाने वर्ण नोंदवावेत, आकाराची चिंता नंतर करावी. म्हणून ‘दिवा’ या शब्दात आधी द आणि मग इकार नोंदविला जातो, जरी वेलांटी डोळ्यांना आधी दिसत असली तरी. जोडाक्षर बांधणे, वेलांटी मागे नेणे, रफार वर चढविणे ही कामे मजकूर दाखविण्याच्या क्षणी करावी लागतात.

ही कामे प्रत्येक प्रोग्रामने स्वतंत्रपणे करावयाची म्हटल्यास एकच विद्या शंभर ठिकाणी पुनःपुन्हा लिहावी लागेल. म्हणून ती एका सामाईक फाइलमध्ये ठेवतात. विंडोज प्रणालीत अशा फाइलला ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’ अथवा ‘डीएलएल’ म्हणतात. प्रोग्राम चालू असताना ती स्मृतीत आणली जाते, आणि तिच्यातील क्रियांना त्यांच्या नावाने पाचारण करता येते. देवनागरीसारख्या लिप्यांसाठी मायक्रोसॉफ्टने तयार केलेली ‘युनिस्क्राइब’ ही अशीच लायब्ररी. तिच्या फाइलचे नाव ‘यूएसपी१०.डीएलएल’. विंडोज २००० मध्ये ती ‘मंगल’ या देवनागरी फाँटसह उपलब्ध झाली. मजकुराचे लिपीनुसार तुकडे पाडणे, प्रत्येक तुकड्यातील संकेतांकांसाठी फाँटमधील योग्य आकार निवडणे आणि ते आकार ओळीत जागच्या जागी बसविणे, अशी तिच्या कामाची तीन अंगे आहेत.

सामाईकपणाचा लाभ उघड आहे : एका फाइलमधील दोष दुरुस्त झाला की तिच्यावर विसंबणारे सर्व प्रोग्राम सुधारतात. परंतु धोकाही तेथेच आहे. एखाद्या प्रोग्रामने आपल्याबरोबर त्याच फाइलची निराळी आवृत्ती आणली, तर एकाच यंत्रावर एकच मजकूर दोन प्रकारे दिसू शकतो. ऑफिस २००३ बरोबर युनिस्क्राइबची स्वतंत्र प्रत येत असे. प्रणालीतील मूळ प्रत मात्र तशीच राही. लिब्रेऑफिसने २०१७ च्या ५.३ आवृत्तीपासून सर्व प्रणालींवर ‘हार्फबझ’ ही मुक्त लायब्ररी वापरण्यास आरंभ केला. निरनिराळ्या यंत्रांवर अक्षररचना एकसारखी व्हावी, हा त्यातील एक प्रमुख लाभ होय.

आता ‘दऱ्या’ कडे परत येऊ. युनिकोडमध्ये हा आडवा रकार दोन रीतींनी नोंदविता येतो. पहिली रीत ऱ (०९३१) या स्वतंत्र वर्णापुढे हलन्तचिन्ह (०९४डी) देण्याची. दुसरी रीत साध्या र (०९३०) पुढे हलन्तचिन्ह व त्यापुढे शून्य रुंदीचा अदृश्य जोडक (२००डी) देण्याची. ती जुन्या आवृत्तीशी सुसंगती राहावी म्हणून ठेवलेली आहे. लायब्ररी दोहोंसाठी एकच आकार निवडते. त्यामुळे वाचकाला भेद दिसत नाही. शोध घेणाऱ्या प्रोग्रामला मात्र हे दोन भिन्न शब्द वाटू शकतात, आणि युनिकोडच्या प्रमाणीकरणाच्या नियमांनीही ते एक होत नाहीत.

याहून गंभीर गोष्ट अशी की, मजकूर स्वच्छ करताना अदृश्य चिन्हे पुष्कळदा काढून टाकली जातात. जोडक गेला की उरते ते र, हलन्तचिन्ह आणि य. लायब्ररी आपल्या नियमास अनुसरून त्याचा रफार करते, आणि सह्याद्रीच्या दऱ्यांचा दर्या होतो. ‘दर्या’ हा शुद्ध शब्द असल्याने शुद्धलेखन तपासणाऱ्या प्रोग्रामलाही तो खटकत नाही. येथे लायब्ररीचा काही अपराध नाही. तिच्या हाती जे संकेतांक आले त्यांचे रूप तिने यथातथ्य दाखविले.

यावरून मराठीच्या अभ्यासकाने एवढा बोध घ्यावा की, पडद्यावरील रूप हे मूळ नोंदीच्या शुद्धतेचे प्रमाण नव्हे. शब्दसंग्रह किंवा प्रबंधाची सामग्री सिद्ध करताना ऱ हाच वर्ण योजावा. इनस्क्रिप्ट कळफलकावर तो शिफ्टसह ‘जे’ या कळीवर मिळतो. जुन्या सामग्रीतील जोडकयुक्त रूपे आधी ऱ मध्ये पालटावीत आणि मगच अदृश्य चिन्हे काढावीत. हा क्रम उलटा झाल्यास हरवलेला भेद यंत्राला नुसत्या संकेतांकांवरून परत मिळविता येत नाही. त्यासाठी संदर्भ जाणणारा वाचकच लागतो.