दाटीतल्या सागाची दारं होत नाहीत

नांदेड जिल्ह्याच्या उत्तर टोकाला, किनवट-माहूरच्या डोंगरांत, पैनगंगेच्या काठाने सागाचं जंगल आहे. शेजारच्या लातूर जिल्ह्यात जंगल एक टक्काही नाही. तिथे साग दिसतो तो बांधावर आणि शेतात. सागाबद्दलचे गैरसमज मात्र दोन्हीकडे तेच. आणि चूक कळते ती वीस वर्षांनी, जेव्हा ती सुधारायला हाती काही उरत नाही.

सगळ्यात महागात पडणारा समज म्हणजे झाडं जास्त तर लाकूड जास्त. 2 बाय 2 मीटरवर जड्या (खोड-मुळं छाटलेली रोपं) लावल्या की एकरी हजार झाडं बसतात. पण ती हजारही ठेवायची नसतात. सुरुवातीची दाटी असते ती खोड सरळ वर जावं म्हणून. पुढे शेंडे एकमेकांना भिडले की वाकडी, दुबेळकी, खुजी झाडं काढावी लागतात. ही विरळणी टप्प्याटप्प्याने करत गेलं की शेवटी एकरी शंभराच्या आसपास झाडं राहतात. वाढत्या झाडाला कुऱ्हाड लावायला जीव होत नाही, हे मी समजू शकतो. पण हिशेब पाहा. बाजारात ओंडक्याच्या मधल्या गोलाईचा चौथा हिस्सा घेतात, त्याचा वर्ग करून लांबीने गुणतात. 10 फूट लांब, 24 इंच गोलाईचा ओंडका अडीच घनफूट भरतो. तेवढ्याच लांबीचा 48 इंचांचा ओंडका भरतो 10 घनफूट. गोलाई दुप्पट, लाकूड चौपट; वर जाड लाकडाला घनफुटाचा दरही चढा मिळतो. दाटीत उभ्या राहिलेल्या हजार झाडांच्या निव्वळ बल्ल्या होतात.

दुसरा समज आहे वीस वर्षांत मालामाल होण्याचा. नव्वदच्या दशकात याच आशेवर सागाच्या नावाने गुंतवणूक योजना निघाल्या, कित्येकांचे पैसे बुडाले, आणि 1999 मध्ये सेबीला अशा सामूहिक योजनांसाठी नियम करावे लागले. कोवळं झाड आडवं कापून बघा. बाहेर फिकट कडं, आत तपकिरी गाभा. वाळवीला दाद न देणारं, दार-चौकटीला टिकणारं लाकूड ते आतलंच, आणि कमी वयात तेच थोडं असतं. वनविभागाच्या लागवडीत साग पन्नास-साठ वर्षं, कधी त्याहून जास्त ठेवतात, ते उगाच नाही. केरळातल्या निलंबूरला 1840 च्या दशकात लावलेल्या सागापैकी काही झाडं आजही उभी आहेत.

काळी कसदार जमीन सागाला उत्तम, असं लातूरकडे हमखास ऐकू येतं. कापूस-सोयाबीनला ती उत्तम खरीच. सागाच्या मुळांना साचलेलं पाणी सोसत नाही. भारी, चोपण, पावसाळ्यात चिबडणारं रान त्याला नको. निचऱ्याची, खोल, मुरमाड उताराची जमीन हवी. किनवटच्या डोंगरउतारांवर तो आपोआप वाढतो, त्यामागे हा निचरा आहे.

फांद्या छाटल्याने झाड खुंटतं, हेही खरं नाही. जडीला फुटलेल्या कोंबांतला एकच जोमदार ठेवावा. खालच्या फांद्या बोटाएवढ्या असतानाच खोडालगत, साल न फाडता काढाव्यात. जुनी फांदी लाकडात गाठ सोडते, आणि गाठ असलेल्या फळीचा भाव पडतो.

पावसाळा सरताना पानांची चाळणी झालेली दिसली की लोक झाड गेलं म्हणतात. ते काम एका अळीचं. ती शिरा सोडून बाकी पान खाते. झाड मरत नाही, पुढच्या वर्षी पुन्हा पालवतं.

वणव्याचं मात्र तसं नाही. साग आगीतूनही जगतो, म्हणून मोहफुलं वेचायला पाचोळा पेटवला तरी काय बिघडतं, असं वाटतं. बुंध्याची साल एका बाजूने करपते, तिथून कूज शिरते, आणि पुढे ओंडका आतून पोकळ निघतो. बुंधा म्हणजे झाडातला सगळ्यात मोलाचा ओंडका.

राहिला कायदा. आपल्या शेतातला साग सरकारचा, ही भीती खोटी आहे, झाड मालकाचंच. पण 1964 च्या वृक्षतोड अधिनियमाप्रमाणे साग अनुसूचित वृक्ष आहे, त्यामुळे तोडीची परवानगी आणि वाहतुकीचा परवाना लागतो. विरळणी तर पहिल्या काही वर्षांतच येते. म्हणून झाडं लहान असतानाच तलाठ्याकडे जा आणि सातबाऱ्यावर सागाची नोंद करून घ्या.