तारीख दुसऱ्याच्या हातात

फाशी ठरलेला माणूस एम.ए.ला का बसतो, असं लोक मला विचारतात. मुंबईच्या स्फोटांच्या खटल्यात फाशीची शिक्षा झालेल्या याकूब मेमनने नागपूरच्या मध्यवर्ती कारागृहात असताना २०१३ मध्ये इग्नूतून इंग्रजीत एम.ए. केलं, हे त्यांनी वाचलेलं असतं. मी इथे वकिली करते, फाशी यार्डातल्या अशिलांना भेटते. मला त्यात नवल वाटत नाही. परीक्षा जूनमध्ये असली की निदान जूनपर्यंतचे दिवस स्वतःचे होतात.

एरवी तिथली प्रत्येक तारीख दुसऱ्याच्या हातात. ‘मॅडम, फाईल कुठवर आली?’ हे अशील मुलाखतीला बसायच्या आधीच विचारतो. अपील, पुनर्विचार याचिका, दयेचा अर्ज; दर टप्प्याला आशा धरायची, निकालाला ती सोडायची, मग पुन्हा धरायची. वर्षानुवर्षं. झोप उडते, जेवण सुटतं, कुणी बोलणंच टाकतो. दिल्लीच्या राष्ट्रीय विधी विद्यापीठातल्या ‘प्रोजेक्ट ३९ए’ने ८८ फाशीच्या कैद्यांचा अभ्यास २०२१ मध्ये प्रसिद्ध केला. ६२ टक्क्यांना कुठला ना कुठला मानसिक आजार होता.

ही वाट पाहणं किती लांबतं पाहा: नागपूरच्या याच तुरुंगातून मार्च २०२३ मध्ये एक जण सुटला. पुण्यातल्या १९९४ च्या हत्याकांडात त्याला फाशीची शिक्षा झाली होती. खटल्याच्या कागदांत वय चुकलं होतं, नावही वेगळंच लागलं होतं. गुन्ह्याच्या वेळी तो १२ वर्षांचा होता, हे शाळेच्या नोंदीवरून सर्वोच्च न्यायालयाने मान्य केलं, तोवर २८ वर्षं गेली होती.

कैद्याच्या मनाचं काय होतं, हे कायदा जाणतो. शत्रुघ्न चौहान खटल्यात २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की दयेचा अर्ज फेटाळल्याचं कळवल्यावर फाशीआधी किमान १४ दिवस द्यावेत. मनाची तयारी, मृत्युपत्र, घरच्यांची शेवटची भेट यांसाठी. मेमनचा दुसरा अर्ज २९ जुलै २०१५ च्या रात्री फेटाळला गेला. वकिलांनी हेच १४ दिवस मागितले. पहाटे तीननंतर न्यायालय बसलं. पहिला अर्ज २०१४ मध्येच फेटाळला होता, तेव्हा वेळ मिळाला, असं म्हणत मागणी नाकारली. सकाळी सातच्या आत फाशी झाली. त्या दिवशी त्याला ५३ वर्षं पूर्ण झाली. मुंबईच्या त्या स्फोटांत २५७ माणसं गेली. त्यांच्या घरच्यांचं दुःख मला कमी लेखायचं नाही. तरी ते १४ दिवस द्यायलाच हवे होते.

चौहान खटल्याच्या त्याच निकालात फाशीच्या सर्व कैद्यांची मानसिक तपासणी नियमित व्हावी, असंही सांगितलं आहे. नवं काम हाती घेतलं की मी पहिला अर्ज त्या तपासणीचा करते.